मावशे, फिल्म मिळाली नाही

मावशे,

तुझं बारावं होऊन तीन दिवस झाले. घरातली माणसं मागे लागली आहेत, की वर्तमानपत्रात द्यायला चार ओळी लिहून दे. मी खाणीच्या ऑफिसातला कारकून, जन्मभर दुसऱ्यांची पत्रं लिहीत आलो. चार ओळी म्हणजे माझ्या डाव्या हातचा मळ. लिहायला बसलो आणि ‘अल्पशा आजाराने’ इथेच अडकलो. तू असतीस तर लगेच म्हणाली असतीस, “अल्पसो? सा म्हयने खोकतंय मी, माका रे अल्पसो आजार कसो?” ते खोडलं. पुढे ‘जुन्या बोलपटातील कलावती’ असं लिहिलं आणि तेही खोडलं. ते लिहिण्याचा अधिकार मी घालवून बसलो आहे. कसा, ते तुला ठाऊक आहे. पण मला ते एकदा सगळं सलग तुझ्यापुढे बोलायचं आहे. तू समोर होतीस तेव्हा धीर झाला नाही, आणि झाला तेव्हा उपयोग नव्हता.

तुझी ती गोष्ट मी लहानपणी इतक्यांदा ऐकली की माझ्या आईच्या लग्नाची हकिगत एक वेळ चुकेन, ही चुकणार नाही. पेडण्याहून आजी गाणं शिकायला मुंबईला गेली होती आणि तुला बरोबर घेऊन गेली होती. आई मोठी, ती लग्न होऊन शिरगावला आली होती. तू पंधरा वर्षांची. बोलपट तेव्हा नुकते बोलायला लागले होते, आणि बोलणारी माणसं कमी पण गाणारी जास्त लागायची. एका कंपनीला गाणाऱ्या मुली हव्या होत्या. आजीनं तुला नेऊन उभं केलं.

कथा इराणातली, फार जुनी. एका पाथरवटाचा एका राणीवर जीव जडतो. राजा त्याला सांगतो, हा डोंगर फोडून राणीच्या महालापर्यंत दुधाचा पाट आण, मग राणी तुझी. राजाला वाटतं, डोंगर कसला फुटतोय. पण हा वेडा फोडत आणतो. तेव्हा राजा घाबरतो आणि एका म्हातारीला त्याच्याकडे पाठवतो. म्हातारी जाऊन सांगते, राणी मेली. पाथरवट तिथल्या तिथे जीव देतो. राणी तर जिवंत असते. तू त्यांची नावं कधी घेतली नाहीस. तुझ्या तोंडी ते कायम ‘तो डोंगरवालो’ आणि ‘ती राणी’ एवढेच राहिले.

त्या बोलपटात तू राणीच्या मैत्रिणींच्या घोळक्यात उभी राहून गायलीस. गाणी किती होती असं विचारलं की म्हणायचीस, “इतकी, की मधी कथेक जागो नाय होतो.” आणि शेवटाकडे तुला पांढरा टोप चढवून, तोंडावर सुरकुत्या काढून ती म्हातारी केलं. पंधरा वर्षांच्या मुलीला म्हातारी का केलं, असं मी एकदोनदा विचारलं होतं. “केल्यानी,” एवढंच तू सांगितलंस.

म्हातारीला एकच वाक्य होतं. उर्दूतलं. अर्थ न कळता तू ते पाठ केलं होतंस. आवाज पकडायचं यंत्र डोंगरातल्या एका खोट्या दगडात लपवलेलं होतं. तुला बजावलं होतं की डोंगरवाल्याकडे बघू नकोस, दगडाकडे तोंड करून बोल, नाहीतर काही ऐकू येणार नाही. पंखे बंद. वाजवणारे पडद्यामागे घामानं निथळताहेत. आधी एक चिमणी चिवचिवली म्हणून सगळं पुन्हा करावं लागलं. दुसऱ्या खेपेला तू वाक्य म्हणालीस, आणि त्या माणसानं असा काही टाहो फोडला आणि वरून खाली असं अंग टाकलं, की तुझी बोबडीच वळली. खाली गादी होती ते तुला कोणी सांगितलं नव्हतं. तू पळत आजीकडे गेलीस आणि विचारलंस, मी त्याला काय बोलले? आजी म्हणाली, राणी मेली म्हणून सांगितलंस.

“आणि ती राणी थंय खुर्चेर बसून केळां खाय होती रे!” हे सांगताना तुला दर वेळी हसू फुटायचं. मग हसता हसता थांबायचीस. “पण मी तेका खोटां सांगूक ना. मी फातराक सांगलां.”

दगडाला सांगितलं, हे तू इतक्या गंभीरपणे म्हणायचीस, की लहानपणी मला वाटायचं खरंच कोणीतरी तुझ्यावर खटला भरलेला आहे.

तो बोलपट तू कधी पाहिलाच नाहीस. तयार होऊन तो बाहेर पडायच्या आत आजी आजारी पडली आणि तुम्ही पेडण्याला परत आलात. पुढे तो म्हापशाला आला, एक आठवडा होता. त्याच आठवड्यात आजी गेली. सुतकात तमाशा बघायला कोण जातं? परत येईल तेव्हा बघू, असं तू म्हणालीस. तो परत आला नाही. आजीनंतर तू गाणंही सोडलंस. शिवणाचं मशीन घेतलंस आणि अख्ख्या वाड्याचे झंपर शिवत बसलीस. देवळात आरतीला उभी राहायचीस पण ओठ नुसते हलवायचीस. शिवताना मात्र त्या बोलपटातलं काहीतरी गुणगुणायचीस, आणि मी जवळ आलो की गप्प. “फुकट आयकूक मेळचां ना,” म्हणायचीस.

आणि कोणाला ते खरं वाटत नसे. पडद्यावर तुझं नाव आलं नव्हतं. फोटो नव्हता, कागद नव्हता. शेजारची सुलभा तुझ्याच हातचे झंपर घालायची आणि पाठीमागे तुला ‘हिरोईन’ म्हणायची. तू सगळं ऐकायचीस. मशीनचं चाक जरा जोरात फिरायचं, एवढंच.

आता दुसरी गोष्ट सांगतो, कारण तिच्याशिवाय माझा गुन्हा नीट मापात येणार नाही.

आई वारली ती सकाळी, शिरगावला. आपल्याकडे मरणाची बातमी कोणी मरण म्हणून सांगत नाही. निरोप्याला सांगतात, बरं नाही म्हण, लगेच बोलावलंय म्हण. तो उंबऱ्याच्या आत जात नाही, त्या घरचं पाणी पीत नाही. मीही तेच केलं. ऑफिसची जीप मागून घेतली, कोल्हापूरकडचा आमचा ड्रायव्हर पाठवला आणि त्याला पढवलं. तो बिचारा तुझ्या दारात जाऊन म्हणाला, “ताईंना बरं नाही, चला.” तू त्याला थांबवलंस. तांदूळ धुतलेस, पेज केलीस, फडक्यात डबा बांधलास, वर लोणच्याची बाटली. तो अर्धा तास पायरीवर बसून होता. तू चहा दिलास तो त्यानं घेतला नाही. मग तू सगळा रस्ता तो डबा मांडीवर धरून शिरगावला आलीस, आणि आईला तुळशीपुढे ठेवलेलं पाहिलंस.

तू रडली नाहीस. डबा माझ्या हातात दिलास. अजून पोळत होता.

“हुनहुनीत पेज घेवन इलंय रे मी. मेलल्या माणसाक पेज!” आणि मग सगळ्या माणसांदेखत, “मेलां तर मेलां म्हणान सांगूक काय जाता तुमका? तेनी चाय घेवक ना, तेवांच माका कळूक जाय होतां.”

मी म्हणालो, मावशे, रीत आहे. तुला वाटेत काही झालं असतं तर?

तू म्हणालीस, “त्या राजाकय तशीच रीत आसतली.”

वर्षभर तू माझ्याशी धड बोलली नाहीस. नंतर बोलायला लागलीस ते अशी अट घालून, की बाबल, माझ्याशी परत कधी असं करू नकोस. वाईट असेल ते तोंडावर सांग. मी हो म्हणालो. देवाच्या खोलीत उभं राहून हो म्हणालो, मावशे.

मग ती भाषेची वर्षं आली. राजभाषा कोणती, मराठी की कोंकणी, यावर घराघरात ताटं आपटली जात होती. मी मराठीवाला. डिचोलीच्या सभांना जायचो, घोषणा देऊन घसा बसवून घ्यायचो, आणि रविवारी बस असली तर म्हापसा करून तुझ्याकडे पेडण्याला. तुझ्यासमोर माझं काही चालायचं नाही. “मराठी मराठी करून बोंबलतंस, आणि माझ्याकडे भांडूक इलंस काय कोंकणीत भांडतंस!” मी तुला ग्रंथ, पोथ्या, शाळा, सगळं सांगून बघितलं. तू म्हणायचीस, पोथी मी मराठीत वाचते, तुला शिव्या कोंकणीत देते, आणि जन्मात एकदाच जगासमोर तोंड उघडलं ते उर्दूत. मग मी कोणाच्या सभेला जाऊ? मी चिडायचो. तो वाद आपण संपवला नाही. आज मला वाटतं, तो संपू नये म्हणूनच मी दर रविवारी येत होतो. आता माझ्याशी असं भांडणारं कोणी उरलं नाही, आणि नुसतं बरोबर असून काय करू?

माझ्या नोकरीवरूनही तू सोडायची नाहीस. “तुमी पण डोंगर फोडतां मरे. दूध खंय? तांबडो चिखल फक्त.” शिरगावच्या आमच्या शेतात तेव्हा खाणीचा गाळ येऊन बसला होता.

अशाच एका रविवारी तू मशीन थांबवून म्हणालीस की बाबल, तुम्ही सरकारला एवढी पत्रं लिहिता, एक माझ्यासाठी लिही. ती फिल्लम कुठे असेल तर विचार. एकदा बघायची आहे. सुलभेला शेजारी बसवून बघायची आहे.

आयुष्यात तू माझ्याकडे मागितलेली ही एकच गोष्ट. मी मन लावून लिहिलं. जुन्या फिल्मा जपून ठेवणारं एक सरकारी संग्रहालय आहे असं कळलं, त्यांना लिहिलं. मुंबईच्या दोन पत्त्यांवर लिहिलं. तू वाट बघू लागलीस. गोव्याला घटक राज्याचा दर्जा मिळाला त्या दिवशी वाड्यात फटाके वाजत होते. मी पेढे घेऊन आलो, तर तू पेढा तोंडात टाकून म्हणालीस, “राज्य मेळलां मरे तुमका. माझी फिल्लम खंय?”

त्यानंतर थोड्याच दिवसांनी उत्तर आलं. ऑफिसच्या पत्त्यावर, टाईप केलेलं, नम्र. त्या बोलपटाची एकही प्रत कुठे शिल्लक असल्याचं ठाऊक नाही. त्या काळच्या बऱ्याचशा फिल्मा जळल्या, बऱ्याचशा वितळवून त्यांतली चांदी काढून घेतली आणि उरलेल्या पट्ट्यांच्या बांगड्या केल्या. तेव्हा शोध घेण्यात अर्थ नाही. आपल्या नातेवाईक बाईंना आमचा नमस्कार कळवावा.

रविवारी ते पत्र खिशात घालून मी निघालो. सांगायचंच होतं. म्हापशाच्या बसमध्ये वाक्यंसुद्धा जुळवली होती. घरात शिरलो तर सुलभा बसलेली, आणि तू तिला सांगत होतीस की आता येईलच उत्तर, सरकारी काम आहे, वेळ लागतो. माझ्याकडे वळून विचारलंस, “इलां काय रे पत्र?” सुलभा माझ्याकडे बघत होती. तिच्या तोंडावर ते ‘हिरोईन’वालं हसू होतं.

मी म्हणालो, “इलां. शोधतायत. थोडी सापडली म्हणतत.”

एवढंच. सुलभेचं हसू गेलं. तुझा चेहरा मी काय सांगू? तू उठून आत गेलीस, आणि आतून कितीतरी वेळ भांडं घासल्याचा आवाज येत राहिला. घासायला तिथे काही नव्हतं.

दुसऱ्या रविवारी खरं सांगायचं असं ठरवून आलो. तू दारातच विचारलंस, थोडी म्हणजे किती? मी म्हणालो, अर्धी. कुठे? हैदराबादेकडे एका नवाबाच्या कोठारात. मावशे, ते नवाबाचं कोठार माझ्या तोंडातून कसं आलं ते मला आजही कळत नाही. पण आलं, आणि पुढच्या रविवारी तू त्या कोठाराबद्दल विचारलंस. मग मला कोठार बांधावं लागलं. मग त्याला पहारेकरी. मग फिल्मला बुरशी, मग बुरशी काढणारा एक म्हातारा मद्रासी. आवाजाची पट्टी वेगळी असते, ती दुरुस्त करायला वर्ष लागेल, असं सांगून मी मुदत वाढवून घेतली.

खरं सांगू? मला त्यात मजा वाटू लागली. जन्मभर ‘आपले पत्र पोचले’ लिहिणारा मी, माझ्या बोलण्याकडे कोणी असं कान देऊन बसलेलं नव्हतं. सोमवार ते शनिवार मी ऑफिसात पुढचा भाग जुळवायचो. तुझ्या सुखासाठी करतो आहे असं स्वतःला बजावायचो, आणि मला ते पटायचंही. तू किती आनंदात होतीस! सुलभा ‘हिरोईन’ म्हणायची थांबली. वाड्यातल्या बायका येऊन विचारायला लागल्या की मावशी, कधी येणार. तू नवीन लुगडं घेऊन ठेवलंस, त्या दिवसासाठी.

याच दिवसांत मी टेपरेकॉर्डर घेतला. निदान तुझ्या गळ्यातली गाणी तरी राहावीत, एवढी अक्कल मला होती. मला ठाऊक होतं ना, की ती आता जगात फक्त तुझ्यापाशी आहेत. तुला ते ठाऊक नव्हतं. मी यंत्र मशीनच्या फळीवर ठेवलं आणि म्हणालो, मावशे, एक तरी गा.

तू यंत्राकडे बघितलंस आणि हसलीस. “कित्याक? थंय माझो पंदरा वर्सांचो आवाज आसा. तो येवंदी, तो आयक. ह्या म्हातारेची काव काव कित्याक भरून ठेवतंस?”

मी खूप आग्रह केला. पुढच्या रविवारी पुन्हा. तू प्रत्येक वेळी तेच. चांगलं येणार आहे तर वाईट कशाला ठेवायचं? तुझं बरोबर होतं. जिची फिल्म येणार आहे तिनं असंच म्हणायला हवं. तिथे मी एक वाक्य बोललो असतो, की मावशे, काही येणार नाही, बांगड्या झाल्या त्याच्या, जे आहे ते तुझ्या गळ्यात आहे, तर तू त्या दिवशी बसून सगळी गायली असतीस. रडत गायली असतीस, मला शिव्या देत गायली असतीस, पण गायली असतीस. मला ते तिथल्या तिथे समजलं होतं. हे महत्त्वाचं आहे, म्हणून लिहून ठेवतो. समजलं नव्हतं असा बहाणा मला नाही. समजलं होतं, आणि मी यंत्र पिशवीत घालून बस पकडली. तुझं तोंड उतरलेलं बघायची माझी हिंमत नव्हती. याला मी दोन वर्षं प्रेम म्हणत होतो.

मग खोकला. मग धाप. डॉक्टर म्हणाले, हृदय फुगलं आहे. तू घरीच राहणार म्हणालीस, आणि मी रजा टाकून आलो. खिडकीपाशी तुझी खाट लावली, मशीन भिंतीला सरकवलं.

त्या दुपारी तू जरा बरी होतीस. उशीला टेकून बसली होतीस. मी पेज भरवत होतो. दोन चमचे घेतलेस आणि माझा हात बाजूला केलास.

“मेळली?”

तू कशाबद्दल विचारते आहेस ते मला कळलं. आणि मला वाटलं, आता शेवट आलाय, आता हिला रिकामं कसं पाठवायचं? मी म्हणालो, “मेळली, मावशे. पणजीक इली. मी बघून इलंय.”

“बघलंस?”

“बघलंय. तू आसंस तेच्यात.”

“मी बोलतंय?”

“बोलतंस. सगळां स्पष्ट आयकूक येता.”

तू डोळे मिटून घेतलेस. मला वाटलं, झालं, सुखानं ऐकलंस. थोड्या वेळानं डोळे न उघडताच विचारलंस, “आवाज कसो होतो माझो?”

मावशे, माझ्या कानात उरला होता तो तुझा साठीनंतरचा आवाज. जाड, खरखरीत. वय झालं म्हणून तसा झाला, असं मी धरून चाललो होतो. पंधरा वर्षांच्या मुलीचा आवाज कसा असतो? मी म्हणालो, “गोड. बारीक आणि गोड.”

तू डोळे उघडलेस. माझ्याकडे वळून बघितलंस. पेजेवर साय धरली.

“माझो आवाज दादल्यासारको,” तू म्हणालीस. “ल्हानपणासून. म्हणान तर पंदरा वर्सांच्या चेडवाक म्हातारी केल्यानी.”

तू रागावली नाहीस. रागावली असतीस तर बरं झालं असतं. तू फक्त विचारलंस, “केवांसून?”

मी सगळं सांगितलं. पत्र, चांदी, बांगड्या, नवाब, मद्रासी म्हातारा. माझं संपल्यावर खिडकीबाहेर बघत म्हणालीस, आणि धापेमुळे ते तीन तुकड्यांत म्हणालीस, “दोन वर्सां… माका आवाज होतो रे… बाबल.”

दुसऱ्या दिवशी सकाळी तूच खुणेनं यंत्र मागितलंस. मी तुझ्या उशाशी ठेवलं, बटण दाबलं. तू तोंड उघडलंस. श्वास आला, सूर आला नाही. पाणी प्यायलीस, पुन्हा तोंड उघडलंस. चार दिवस, रोज सकाळी. चौथ्या दिवशी तू हात वर केलास, मी बटण बंद केलं, आणि त्यानंतर तू ते मागितलं नाहीस. पाचव्या दिवशी गेलीस. कॅसेट माझ्याकडे आहे. त्यात तुझा श्वास आहे आणि बाहेरचे कावळे आहेत. एका ठिकाणी तू खाटेच्या दांड्यावर बोटांनी ताल धरतेस, तो आठ मात्रांचा आहे एवढं मला समजतं. गाणं कोणतं ते मला कळत नाही, आणि ज्याला विचारावं असं जगात कोणी नाही.

मी तुझी क्षमा मागत नाही. तू देशीलही, तुझा काही भरवसा नाही, आणि मला ती नको आहे. तू मला लहानपणी शिवलेले सदरे, ती भांडणं, शिव्या, आई गेल्यावर माझ्या डोक्यावरून फिरवलेला हात, या सगळ्यांबद्दल मी तुझा ऋणी आहे, हेही मी तुला कधी म्हणालो नाही. आपल्याकडे असलं कोणी बोलत नाही. मी बोलायचो ते नवाबाबद्दल.

आता बाराव्याच्या दिवशी काय झालं ते सांगतो आणि थांबतो.

जेवणं आटोपली होती. बायका ओसरीवर बसल्या होत्या. सगळ्यांचं एकच चाललं होतं, बिचारी गेली, फिल्लम बघायला मिळाली नाही, आता आली की आपण सगळ्यांनी जाऊन बघूया. सुलभा तर डोळे पुसत होती. तिनं मला विचारलं, “केवां येता रे ती, बाबल?” मी ठरवलं, आता नाही. आता एकदा तरी तोंडावर सांगायचं. मी उभा राहिलो आणि सगळ्यांदेखत सांगितलं की ती फिल्म कुठेच नाही, कधीच मिळाली नव्हती, दोन वर्षं मी मनचं सांगत होतो. नवाब नाही, कोठार नाही, काही नाही.

मला क्षणभर बरं वाटलं, मावशे. वाटलं, तुला दिलेला शब्द निदान तू गेल्यावर तरी पाळला.

मग सुलभा हळूच, अगदी मायेनं, म्हणाली, “म्हणजे ती फिल्मात होती, ही पण मनचीच गोष्ट काय रे?”

मी म्हणालो नाही, ते खरं आहे. शपथ घेतली. तुझ्या फोटोवर हात ठेवून शपथ घेतली, की ती गायली होती, ती बोलली होती. दोन वर्षं खोटं बोलल्याचं नुकतंच कबूल केलेल्या माणसाची शपथ ती. सुलभेनं मान डोलावली. बाकीच्यांनीही डोलावली. मग एकेक करत सगळ्या उठल्या, आणि सुलभा कपबशा गोळा करायला लागली.